परिपाठातले वसंत देसाई

मागच्या पावसाळ्यात आमच्याकडे झड लागली होती, तीन दिवस सूर्य दिसला नाही अन् लाईन तर पहिल्याच दिवशी गेली. आमची शाळा जिल्हा परिषदेची, दारव्हा तालुक्यात, गाव लहान, अर्धी पोरं गावातली अन् अर्धी तांड्यावरची. अशा दिवसात परिपाठ मैदानात होत नाही, व्हरांड्यात लेकरं खेटून उभी करावी लागतात, वरून टिनावर पाऊस वाजून राहिलेला, शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही. शाळेत एक ब्लूटूथ स्पीकर आहे. मोबाईलवर प्रार्थनेचा ट्रॅक लावायचा आणि पोरांनी त्याच्या मागे म्हणायचं, असं दोन वर्षं चाललं होतं. त्या दिवशी स्पीकरची बॅटरी संपलेली, मोबाईल पण बंद पडायच्या बेतात. मी म्हटलं आज राष्ट्रगीत, राज्यगीत, प्रतिज्ञा एवढंच घेऊ, प्रार्थना उद्या बघू.

तेवढ्यात चौथीतल्या एका पोरीनं आपल्याच मनानं सुरू केलं, ‘हमको मन की शक्ति देना’. ही पोरगी तांड्यावरून येते, घरी गोरमाटी म्हणजे बंजारा बोली बोलते, वर्गात विचारलं तरी हळूच उत्तर देणारी. तिनं सूर कुठून घेतला मला माहीत नाही, पण ट्रॅकपेक्षा बराच खाली होता, तिला जिथं सोपं वाटलं तिथून तिनं उचललं. आणि मग सगळी पोरं तिच्या मागे गेली. पहिलीतली सुद्धा. दोन वर्षांत पहिल्यांदा मला त्या प्रार्थनेचा प्रत्येक शब्द सगळ्या लेकरांच्या तोंडून ऐकू आला. ट्रॅकवर काय व्हायचं तर वरची जागा आली की पोरी गप्प अन् पोट्टे ओरडायचे, आणि आम्ही शिक्षक म्हणायचो की पोरांना सूर नाही. सूर होता ना. आम्ही त्यांना जिथं उभं केलं होतं ती जागा त्यांची नव्हती.

त्या दिवसापासून स्पीकर कपाटात आहे. आणि त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एक माणूस बसला आहे, त्याच्याबद्दल कधीचं लिहायचं होतं, आज रविवार आहे आणि सोयाबीनची सोंगणी पण आटोपली म्हणून बसलो.

तो माणूस म्हणजे वसंत देसाई. संगीतकार. जुन्या लोकांना नाव माहीत आहे, माझ्या वयाच्या लोकांना ऐकून माहीत असेल, पण पोरांच्या बाबतीत त्यांनी काय करून ठेवलंय हे मला स्वतःला सुद्धा वयाची चाळिशी होईपर्यंत नीट कळलं नव्हतं. म्हणजे बघा, आमच्या शाळेत आठवड्यात दोन हिंदी प्रार्थना होतात. सोमवार ते बुधवार ‘हमको मन की शक्ति देना’, आणि गुरुवार ते शनिवार ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’. मी स्वतः चौथीत होतो तेव्हा आमच्या गुरुजींनी पण हीच घेतली, डी.एड.ला गेलो तिथं पण हीच, पहिली नोकरी लागली त्या शाळेत पण हीच. इतक्या वर्षांत मला वाटायचं की प्रार्थना म्हणजे आपली वरून आलेली गोष्ट आहे, जशी पुस्तकातली प्रतिज्ञा असते, ती कोणी तरी बसून चाल लावून केलेली आहे हे डोक्यातच आलं नाही. दोन्हीची चाल वसंत देसाईंची! पहिली १९७१ च्या ‘गुड्डी’ मधली, शब्द गुलजारांचे, आवाज वाणी जयराम यांचा, आणि सिनेमात सुद्धा ती शाळेच्या प्रार्थनेलाच आहे. दुसरी १९५७ च्या ‘दो आँखें बारह हाथ’ मधली, शब्द भरत व्यासांचे, आवाज लताबाईंचा, आणि ती तर कैद्यांसाठी आहे, शाळेसाठी नाहीच. कैद्यांची प्रार्थना लेकरांच्या तोंडी जाऊन बसली आणि कोणालाच ती परकी वाटली नाही.

तिसरी गोष्ट सांगतो, तिनं मला जास्त हलवलं. माझ्या लहानपणी गावात टीव्ही एकच होता, ब्लॅक अँड व्हाईट, एका वाड्यात ओसरीवर ठेवायचे आणि अख्खं गाव अंगणात. अँटेना फिरवायला एक पोरगा कायम कौलावर. त्या टीव्हीवर मधेच कधीतरी एक कार्टून लागायचं, एक ताई आपल्या छोट्या भावाला एक म्हणजे काय अन् अनेक म्हणजे काय ते सांगते, मग चिमण्या, पारधी, जाळं, उंदीर. ‘एक अनेक और एकता’. लागलं की आम्ही खेळ सोडून पळत यायचो. आमच्या वयाच्या कुठल्याही माणसापुढे नुसतं ‘एक चिडिया’ म्हणा, पुढचं तो म्हणतोच. फिल्म्स डिव्हिजनची सात मिनिटांची फिल्म, १९७४ ची, विजया मुळे यांनी केलेली, चित्रं हलवली भीमसेन यांनी, गाणारा छोटा आवाज साधना सरगम यांचा, त्या तेव्हा पाच-सहा वर्षांच्या होत्या. आणि संगीत वसंत देसाई.

हे कळलं तेव्हा मी मोबाईल खाली ठेवला आणि थोडा वेळ तसाच बसलो. माझ्या सकाळी त्यांच्या, माझी संध्याकाळची टीव्हीसमोरची सात मिनिटं त्यांची, आणि नाव मला माहीत नव्हतं.

त्यांचा जन्म १९१२ चा, कोकणातल्या सोनवडे गावचा. म्हणजे आमच्यासारखाच खेड्यातला माणूस, नुसता मुलूख वेगळा. (आमच्या विदर्भाचे राजा बढे, नागपूरचे, ज्यांचं ‘जय जय महाराष्ट्र माझा’ आता २०२३ पासून राज्यगीत म्हणून परिपाठात आहे, ते पण १९१२ चेच. एकाच वर्षी जन्मलेल्या दोन माणसांची गाणी आमची लेकरं रोज सकाळी एकामागे एक म्हणतात, हे मला फार आवडतं.) प्रभात कंपनीत ते अगदी पोरवयात शिरले, तिथं पडेल ते काम, थोडं अभिनयाचं, थोडं गाण्याचं, मोठ्या संगीतकारांच्या हाताखाली राबणं. मग व्ही. शांतारामांनी प्रभात सोडून राजकमल काढली आणि त्यांच्या ‘शकुंतला’ला, १९४३ साली, संगीत वसंत देसाईंचं. पुढे ‘झनक झनक पायल बाजे’, ‘गूँज उठी शहनाई’, हे सगळं भरजरी काम आहे, शास्त्रीय गाण्याचा पक्का पाया असल्याशिवाय होत नाही असं. १९६६ ला एम. एस. सुब्बलक्ष्मी संयुक्त राष्ट्रसंघात ‘मैत्रीं भजत’ गायल्या, त्याची चाल पण यांचीच.

मग जो माणूस शहनाईचं अन् कथकचं एवढं मोठं काम करतो त्यानं लेकरांचं गाणं बांधताना काय केलं, हे मला बघायचं होतं. आपल्याकडे बालगीत म्हटलं की लोक समजतात सोपं काम, दोन ओळी, टाळ्या, प्राण्यांचे आवाज, झालं. मी पण तसंच समजायचो, आणि त्याची किंमत माझ्या वर्गातल्या लेकरांनी मोजली.

माझं सांगतो. बाबा तुकडोजी महाराजांच्या गुरुदेव सेवा मंडळात खंजिरी वाजवायचे, घरी एक पेटी होती, त्यामुळे सूर कानावर लहानपणापासून होता आणि मला संगीतकारच व्हायचं होतं, मुंबईला जायचं होतं. ते काही झालं नाही, बाबांची तब्येत, तीन एकर वावर, बहिणीचं लग्न, मग नोकरी लागली ती धरली. पण चाली लावायचं सोडलं नाही. बालभारतीच्या पुस्तकातल्या कवितांना मी दरवर्षी चाली लावतो, आतापर्यंत साठच्या वर झाल्या असतील. पहिल्या सात-आठ वर्षांतल्या चाली मी स्वतःच्या गळ्याला लावल्या. रात्री पेटीवर बसायचं, मस्त लांब तान घ्यायची, मुखडा वरच्या षड्जावर, म्हणजे वरच्या ‘सा’वर नेऊन सोडायचा, मला छान वाटायचं. सकाळी वर्गात शिकवलं की पोरं तिसऱ्या ओळीला हरवायची. मी परत परत घ्यायचो, रागवायचो सुद्धा. आता वाईट वाटतं. लेकराचा गळा छोटा असतो, स्वरतंतू आखूड, फुफ्फुस लहान, एका श्वासात ते माझ्या निम्मं पण म्हणू शकत नाही. आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे शाळेत ते एकटं गात नाही, साठ जणं मिळून गातात, त्यात चौघं-पाच जणं पुढे पळणारी, दहा मागे राहणारी, पेटी नाही, तबला नाही, उघडं मैदान.

आता ‘हमको मन की’ बघा. केदार रागावर बांधलेली आहे. केदार म्हणजे सोपा राग नाही, त्यात दोन्ही मध्यम म्हणजे दोन्ही ‘म’ लागतात, शुद्ध आणि तीव्र, मोठे गवय्ये त्याच्यावर तास तास गातात. पण ओळी किती छोट्या आहेत! एक तुकडा म्हणायचा, थांबायचं, श्वास घ्यायचा, दुसरा तुकडा. जिथं लेकराचा श्वास संपतो तिथंच ओळ संपते. मागे राहिलेला पोरगा त्या थांब्यावर बाकीच्यांना येऊन गाठतो. चाल भराभर वर जात नाही, हळू चढते अन् घरी परत येते. राग कुठंच सोडलेला नाही, फक्त त्यातलं दाखवायचं तेवढं बाजूला काढून ठेवलंय. आमच्या तांड्यावरची ती पोरगी रोज सकाळी केदार गाते आणि तिला त्याचं नाव माहीत नाही, माहीत असायची गरज पण नाही. घरी गोरमाटी, शाळेत मराठी, गाणं हिंदी, म्हणजे तिसऱ्या भाषेतले शब्द ती म्हणते आणि एकही गाळत नाही, ते त्या चालीनं धरून ठेवले आहेत म्हणून.

हे ऐकताना मला बाबांच्या मंडळाची आठवण येते. तुकडोजी महाराजांच्या भजनात पण हेच आहे ना. संध्याकाळी सामुदायिक प्रार्थनेला गावातली म्हातारी येते, निंदणावरून थकून आलेली बाई येते, कोणालाच गाणं शिकवलेलं नाही, आणि सगळे एका सुरात. महाराजांची चाल खंजिरीच्या ठेक्यावर अशी बसलेली असते की चुकायला जागाच नाही. बाबा म्हणायचे, “जे भजन धुऱ्यावर उभं राहून म्हणता येते तेच खरं, पेटीवाल्याच्या भरवश्यावर नोको राहू.” मी तेव्हा ऐकून सोडून दिलं. बाबा गेल्यावर समजलं.

‘एक अनेक’ मधे तर आणखी हुशारी आहे. सुरुवातीला गाणं असं नाहीच, भाऊ विचारतो अन् ताई सांगते, बोलण्यातूनच चाल निघते. शिक्षक काय करतो, मी म्हणतो मागोमाग तुम्ही म्हणा, अगदी तेच. मग एक आवाज, मग दोन, मग शेवटी सगळे मिळून ‘हिंद देश के निवासी’, ते शब्द विनयचंद्र मौद्गल्य यांचे. एकाचे अनेक कसे होतात हे चित्रात दिसतंच, पण डोळे मिटून नुसतं ऐकलं तरी ऐकू येतं. मी दुसरीला एकवचन-अनेकवचन शिकवताना हल्ली हेच करतो, एक पोरगं ‘एक बैल’ म्हणतं अन् सगळा वर्ग ‘अनेक बैल’. मराठीत बैलाचं अनेकवचन बैलच राहतं, ते पोरांनी आपलं आपण पकडलं, “सर, शब्द तोच हाये पण आवाज वाढला!”

एका गोष्टीचं मात्र मनाला लागतं. ही फिल्म १९७४ ची आणि वसंत देसाई गेले डिसेंबर १९७५ मधे, मुंबईत, लिफ्टच्या अपघातात, ६३ वर्षांचे होते. तेव्हा टीव्ही देशात मोजक्या शहरातच होता, मुंबई दूरदर्शन सुरू होऊन तीन वर्षं झालेली, आमच्या गावात तो यायला अजून दहा-बारा वर्षं बाकी होती. म्हणजे अंगणात पोत्यावर बसून त्यांचं काम बघणारी आमच्यासारखी लेकरं त्यांनी कधी पाहिलीच नाहीत.

‘श्यामची आई’ सिनेमाचं संगीत पण त्यांचंच, सिनेमा १९५३ चा, राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक मिळालेला. त्यातलं ‘छडी लागे छम छम’ चालीला एकदम पक्कं आहे, एकदा ऐकलं की सुटत नाही. पण मी ते वर्गात घेत नाही. आता शाळेत छडीला जागा नाही, कायद्यानंच नाही, आणि माझ्या हातून पण सुरुवातीच्या वर्षांत जे झालं ते मला परत आठवायला आवडत नाही. चाल कितीही गोड असली तरी शब्द लेकराच्या तोंडी जातात, ते आपण तपासलेच पाहिजेत.

मधे एका समूहगान स्पर्धेला आम्ही गेलो होतो. सगळ्या शाळांचे ट्रॅक, मोठे स्पीकर, आमची पोरं नुसती उभी राहून गायली, सोबत एक खंजिरी. नंबर आला नाही, परीक्षकांनी सांगितलं की वाद्यमेळ कमी पडला. पोरं नाराज झाली. परत येताना गाडीत मात्र तीच पोरं फाट्यापर्यंत गात आली, आणि ड्रायव्हरनं आपला टेप बंद केला.

आता ज्याच्यावर सध्या काम चालू आहे ते सांगतो. वसंत देसाईंचं १९६८ च्या ‘आशीर्वाद’ मधलं ‘रेलगाडी’, अशोक कुमार स्वतः गायलेत, शब्द हरींद्रनाथ चट्टोपाध्यायांचे. ज्यांनी ऐकलं नसेल त्यांनी आजच ऐका. त्यात चाल जवळजवळ नाहीच! नुसता ठेका आणि स्टेशनांची नावं, गाडी वेग घेते तशी नावं पळायला लागतात. इथं मला संगीतकार म्हणून त्यांच्यापुढे हात जोडावेसे वाटतात, कारण आपल्याला चाल सुचत असताना ती न लावणं हे फार अवघड आहे. त्यांनी ओळखलं की लेकरांना इथं सूर नकोय, जिभेला धावायला पाहिजे. ज्या पोराला सूर अजिबात लागत नाही ते पोरगं सुद्धा हे म्हणू शकतं, आणि माझ्या वर्गात अशी चार पोरं आहेत जी प्रार्थनेत मागे उभी राहतात, या गाण्यात ती सगळ्यात पुढे असतात.

तर आमच्या भागात गाडी म्हटलं की शकुंतला. यवतमाळ ते मूर्तिजापूर, ११३ किलोमीटर, नॅरोगेज, इंग्रजांच्या काळात कापूस न्यायला टाकलेली. १९९४ पर्यंत वाफेचं इंजिन होतं, मी स्वतः त्यात बसलोय, खिडकीतून कोळशाची बारीक कस डोळ्यात जायची. गेली कित्येक वर्षं बंद आहे, रुळावर बाभळी उगवल्या. माझ्या वर्गातल्या एकाही लेकराने ती चालताना पाहिली नाही, रूळ मात्र रोज ओलांडतात. म्हणून मी ठरवलं की यांचं स्वतःचं रेलगाडीचं गाणं करायचं, शब्द पोरांचे, स्टेशनं शकुंतलेची, ठेका आपल्या खंजिरीचा. देसाईंच्या गाण्याची नक्कल करायची नाही, त्यांच्याकडून एवढंच घ्यायचं की चाल लावायची नाही.

दोन कडवी झाली. यवतमाळ, लाडखेड, दारव्हा, कारंजा, मूर्तिजापूर ही मोठी नावं बसली, ‘मूर्तिजापूर’ला जीभ अडकते म्हणून ते शेवटी ठेवलं, गाडी थांबताना. पण वेग घ्यायला मधली छोटी स्टेशनं पाहिजेत, दोन-तीन अक्षरांची, पटपट म्हणता येतील अशी. पोरांना सांगितलं घरी विचारून या. दुसऱ्या दिवशी पाचवीतला एक पोरगा रिकामी वही घेऊन आला.

“काय रे, आबाजीला विचारलं नाही?”

“विचारलं ना सर. आबाजीनं सांगतले बी, पण इतके जोरात सांगतले का मले लिहिताच नाही आले. गाडी सुटल्यावानी बोलते थो. मंग मी म्हटलं हळू सांगा, तं म्हणते हळू सांगतलं तं मले आठोत नाही.”

हे आबाजी पूर्वी आठवडी बाजाराला शकुंतलेनंच जायचे, भाजीची टोपली घेऊन. पुढच्या रविवारी सातवीतल्या चार पोरी, तो पोरगा आणि मी त्यांच्या घरी जाणार आहोत. मोबाईल चार्ज करून नेतो, ते म्हणतील तसं रेकॉर्ड करायचं, त्यांच्याच वेगात, आणि खंजिरी पण सोबत घेतोय.